अपयश कोणी पत्करावे?

विद्यार्थी मित्रहो, प्रात्यक्षिकाच्या तासाला प्रयोगशाळेत एक प्रश्न हमखास कानावर येतो. साध्या लोलकाचा प्रयोग चाललेला असतो. दोऱ्याची लांबी शंभर सेंटिमीटर. वीस आंदोलनांना लागलेला वेळ मोजायचा आणि त्यावरून गुरुत्वत्वरण काढायचे. एका गटाचा वेळ भरतो ३८ सेकंद. सूत्रात घालून हिशेब केला की उत्तर येते सुमारे १०९४. मुले एकमेकांकडे पाहतात. मग त्यांतला एक धीर करून हळूच विचारतो, "सर, उत्तर किती यायला पाहिजे?"

'किती यायला पाहिजे' हे कळले की पुढचे काम सोपे असते. ३८ खोडून ४० लिहायचे. आता उत्तर येते ९८७. पुस्तकातल्या ९८० च्या अगदी जवळ! वहीवर सही होते, गुणही पुरे मिळतात आणि प्रयोग 'यशस्वी' होतो.

वास्तविक त्या ३८ सेकंदांत एक फार चांगला धडा दडलेला होता. घड्याळ सुरू करताना त्या मुलाने 'एक' म्हटले होते. म्हणावयास हवे होते 'शून्य'. त्यामुळे त्याची वीस आंदोलने प्रत्यक्षात एकोणीसच भरली. त्याचे घड्याळ बरोबर होते, लोलकही बरोबर होता, चुकली होती ती मोजणी. मिनिटभर विचार केला असता तर हे त्याला स्वतःलाच उमगले असते आणि जन्मभर लक्षात राहिले असते. पण आकडा खोडला त्याच क्षणी ती चूक पुरली गेली. पुढच्या प्रयोगातही तो 'एक' म्हणूनच घड्याळ सुरू करणार.

या एवढ्याशा खाडाखोडीचा आपल्या देशाच्या अवकाश-संशोधनाशी काय संबंध, असे कोणी विचारील. संबंध आहे आणि तो फार जवळचा आहे. तो ध्यानात यावा म्हणून एका अभियंत्याची हकीकत सांगतो. त्यांचे नाव प्रा. सतीश धवन.

श्रीहरिकोट्याच्या अवकाश केंद्राला धवनांचे नाव आहे, एवढे बहुतेकांना ठाऊक असते. ते नाव त्यांच्या निधनानंतर, २००२ साली देण्यात आले. पण हे गृहस्थ कोण होते असे विचारले तर वर्गातले दोन-चार हातही वर होत नाहीत. साराभाई माहीत असतात, कलाम माहीत असतात. या दोघांच्या मधली बारा वर्षे मात्र आपल्या पाठ्यपुस्तकातून निसटल्यासारखी झाली आहेत.

धवनांचा जन्म २५ सप्टेंबर १९२० रोजी श्रीनगर येथे झाला. लाहोरच्या पंजाब विद्यापीठातून त्यांनी तीन पदव्या मिळविल्या आणि त्या पाहिल्या तर आजच्या पालकांना घेरीच यावी. पहिली गणित आणि पदार्थविज्ञानाची, दुसरी इंग्रजी साहित्यातील एम. ए. ची आणि तिसरी यंत्र-अभियांत्रिकीची! पुढे ते अमेरिकेस गेले. मिनेसोटा विद्यापीठात शिकून ते कॅलिफोर्निया इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीत दाखल झाले आणि प्रा. हान्स लीपमन यांच्या मार्गदर्शनाखाली १९५१ साली त्यांनी डॉक्टरेट मिळविली.

त्या वेळी त्यांनी केलेला एक प्रयोग आपल्या विषयाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. विमान हवेतून जाऊ लागले की त्याच्या पृष्ठभागाला लगटून हवेचा एक पातळ थर तयार होतो. त्याला सीमास्तर म्हणतात. या थरातील हवा पृष्ठभागाला मागे खेचत असते. हे घर्षण किती, हे समजल्याशिवाय विमानाची आखणी नीट करता येत नाही. परंतु पृष्ठभागाच्या छोट्याशा तुकड्यावरील ओढ इतकी सूक्ष्म असते की ती मोजणे महाकठीण. म्हणून इतर मोजमापांवरून ती हिशेबाने काढण्याची पद्धत रूढ होती. धवनांनी सरळ मार्ग धरला. धातूच्या सपाट पाट्यात त्यांनी एक लहानसा तुकडा वेगळा ठेवला आणि तो किंचित सरकू शकेल अशी योजना केली. हवेच्या ओढीने तो तुकडा केसभर सरके, आणि ते सरकणे मोजले की घर्षण किती ते थेट हाती येई. आकडा 'किती यायला पाहिजे' हे सिद्धान्त सांगत होता. धवनांना 'किती येतो' हे पाहावयाचे होते.

१९५१ मध्ये ते बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत अध्यापक म्हणून आले. मोठी उपकरणे आणण्याजोगा पैसा नव्हता. म्हणून त्यांनी आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी ध्वनीपेक्षा अधिक वेगाचा वारा निर्माण करणारा एक लहानसा वातबोगदा तेथेच उभारला. वायुगतिशास्त्रात पुढे जगभर नाव मिळविणारे रोद्दम नरसिंहा हे त्यांचेच विद्यार्थी. १९६२ साली धवन या संस्थेचे संचालक झाले आणि जवळजवळ एकोणीस वर्षे त्या पदावर राहिले.

३० डिसेंबर १९७१ रोजी डॉ. विक्रम साराभाई यांचे अकस्मात निधन झाले. धवन तेव्हा अभ्यासरजेवर अमेरिकेत होते. अवकाश कार्यक्रमाची धुरा सांभाळावी, अशी विचारणा पंतप्रधान इंदिरा गांधी यांनी त्यांच्याकडे केली. एवढे मोठे पद चालून आले असता दुसऱ्या कोणी दोन्ही हातांनी स्वीकारले असते. धवनांनी दोन अटी घातल्या. अवकाश कार्यक्रमाचे मुख्य ठाणे बंगळूरला असावे, आणि विज्ञान संस्थेचे संचालकपद आपणास सोडावे लागू नये. दोन्ही अटी मान्य झाल्या. ते परत येईपर्यंत प्रा. एम. जी. के. मेनन यांनी कारभार पाहिला. १९७२ पासून १९८४ पर्यंत धवन अवकाश आयोगाचे आणि इस्रोचे प्रमुख होते.

या काळाची यादी मोठी आहे. १९ एप्रिल १९७५ रोजी सोव्हिएत प्रक्षेपकावरून 'आर्यभट' अंतराळात गेला. १९७५-७६ साली अमेरिकेच्या उपग्रहाच्या साहाय्याने सहा राज्यांतील सुमारे २४०० खेड्यांत दूरदर्शनचे कार्यक्रम पोहोचविण्यात आले. कोल्हापूरचे डॉ. एकनाथ चिटणीस आणि पुण्याचे प्रमोद काळे यांच्यासारखी मराठी माणसे या कामात आघाडीवर होती. पण मला जी गोष्ट सांगावयाची आहे ती यशाच्या यादीतली नाही.

१० ऑगस्ट १९७९. श्रीहरिकोट्याच्या तळावर एसएलव्ही-३ हा आपला पहिला उपग्रह-प्रक्षेपक उभा होता. उंची २२ मीटर, वजन सुमारे १७ टन, टप्पे चार आणि चारही घन इंधनाचे. प्रकल्प-संचालक होते डॉ. ए. पी. जे. अब्दुल कलाम. सकाळी आठच्या सुमारास अग्निबाण उडाला. पहिला टप्पा उत्तम जळाला. दुसरा टप्पा पेटला आणि अग्निबाण भरकटू लागला. पाच मिनिटे आणि काही सेकंदांत सारे संपले. वर्षानुवर्षांचे श्रम बंगालच्या उपसागरात बुडाले.

काय झाले होते? तळहातावर काठी उभी धरून पाहा. ती तोलून धरावयाची तर हात क्षणोक्षणी इकडेतिकडे हलवावा लागतो. हात थांबला की काठी कलंडते. अग्निबाणाचेही तसेच आहे. त्याला सरळ ठेवण्यासाठी बाजूंनी लहान लहान झोतांचे धक्के द्यावे लागतात. दुसऱ्या टप्प्यात हे झोत दोन द्रवांच्या संयोगाने निर्माण व्हावयाचे होते आणि त्यांपैकी एक द्रव होता तीव्र नायट्रिक आम्ल. उड्डाणाला काही मिनिटे उरली असतानाच एका विद्युत-झडपेत कसलीशी घाण अडकली, झडप पुरती मिटली नाही आणि आम्ल गळून गेले. दुसऱ्या टप्प्याची वेळ आली तेव्हा आम्लच उरले नव्हते. झोत कोठून निर्माण होणार? हात थांबला, काठी कलंडली!

झडपेतली घाण ती केवढी! पण तिने सतरा टनांचा अग्निबाण पाडला.

त्या दिवशी पत्रकारांना सामोरे जावयाचे होते. कलामांनी ही आठवण पुढे अनेकदा, आणि विशेषतः विद्यार्थ्यांपुढे, आवर्जून सांगितली आहे. प्रकल्पाचे प्रमुख ते होते, तेव्हा उत्तरे त्यांनीच द्यावयाची. परंतु धवन स्वतः पुढे झाले. अपयशाची जबाबदारी त्यांनी संस्थेचा प्रमुख म्हणून आपल्या शिरावर घेतली आणि आपल्या सहकाऱ्यांवर आपला पूर्ण विश्वास असल्याचे सांगितले. पुढे १८ जुलै १९८० रोजी दुसरे उड्डाण झाले. ३५ किलोग्रॅम वजनाचा 'रोहिणी' उपग्रह कक्षेत फिरू लागला. देशभर आनंदीआनंद झाला. त्या दिवशीही पत्रकार आले होते. या वेळी धवनांनी कलामांना सांगितले, आज तुम्ही बोला.

ही गोष्ट आता बऱ्याच ठिकाणी सांगितली जाते. 'थोर माणसाचे थोर मन' असा तिचा मथळा असतो आणि तेथेच ती संपते. माझे मत असे की एवढ्यावर थांबलो तर आपण त्या गोष्टीचे अर्धेच मोल घेतले. धवनांचे मन मोठे होते यात शंका नाही. पण त्यांनी केले ते केवळ मनाच्या मोठेपणापोटी केले असे मानले, तर आपल्याला त्यातून काही शिकावयाचे उरत नाही. त्यांनी केले ते अभियंत्याचे काम होते.

विचार करा. त्या दिवशी धवनांनी म्हटले असते, 'दोष अमक्या विभागाचा आहे', तर पुढे काय झाले असते? चौकशी समिती बसली असती आणि प्रत्येकाने आपापली झडप, आपापली तार, आपापली वही झाकून ठेवली असती. 'आमच्याकडे सर्व ठीक होते', असे जो तो सांगू लागला असता. मग त्या घाणीचा पत्ता कधी लागला असता का? दंडाची धास्ती बसली की माणसे आकडे खोडू लागतात. आपल्या लोलकवाल्या मुलाने तेच केले होते.

धवनांनी बाहेरची टीका स्वतः अंगावर घेतली, त्यामुळे आत निर्भयपणे बोलणे शक्य झाले. लक्षात ठेवा, आत कोणाला सूट नव्हती. उड्डाणाच्या प्रत्येक क्षणाची नोंद तपासली गेली, दोष नेमका कोठे होता ते शोधले गेले आणि पुढच्या उड्डाणाआधी तो दूर केला गेला. थोडक्यात सांगावयाचे तर बाहेर ढाल आणि आत भिंग, अशी ही पद्धत होती. ढाल आहे पण भिंग नाही, तर ती नुसती पाठराखण झाली. भिंग आहे पण ढाल नाही, तर भिंगाखाली कोणी काही आणूनच ठेवणार नाही.

याच्या उलट घडले तर काय होते, याचेही उदाहरण इतिहासात आहे. २८ जानेवारी १९८६ रोजी अमेरिकेचे 'चॅलेंजर' हे अवकाशयान उड्डाणानंतर ७३ सेकंदांत नष्ट झाले आणि सातही अंतराळवीर मृत्युमुखी पडले. बाजूच्या अग्निबाणांच्या सांध्यांत रबरी कडी बसविलेली असत. थंडीत ती ताठरतात, तेव्हा एवढ्या थंडीत उड्डाण करू नये, असे काही अभियंत्यांनी आदल्या रात्रीच बजावले होते. वरच्यांनी ते मानले नाही. पुढे चौकशी समितीचे सभासद रिचर्ड फाइनमन यांनी अशा रबराचा तुकडा बर्फाच्या पाण्यात बुडवून, तो चटकन पूर्ववत होत नाही हे सर्वांसमक्ष दाखविले. पेलाभर थंड पाण्यात जे दिसत होते ते एवढ्या बलाढ्य संस्थेला दिसू नये! कारण वाईट बातमी खालून वर जाण्याचा रस्ताच बुजला होता.

आपल्या संस्थेची वाटही काही फुलांची नव्हती. 'आर्यभटा'वरील प्रयोग वीजपुरवठ्यातील बिघाडामुळे काही दिवसांतच थांबवावे लागले. एसएलव्ही-३ च्या चार उड्डाणांपैकी पहिले फसले आणि १९८१ चे तिसरे अर्धेच साधले. १९८२ चा 'इन्सॅट-१ए' पाच महिन्यांतच निकामी झाला. पुढे १९८७ आणि १९८८ साली एएसएलव्हीची दोन्ही उड्डाणे फसली. १९९३ साली पीएसएलव्हीचे पहिले उड्डाण फसले, आणि तोच पीएसएलव्ही पुढे आपला सर्वांत भरवशाचा प्रक्षेपक ठरला. २०१९ च्या सप्टेंबरात चांद्रयान-२ चे 'विक्रम' यान उतरता उतरता कोसळले. त्यातील दोष शोधून, ते टाळून, २३ ऑगस्ट २०२३ रोजी चांद्रयान-३ चंद्राच्या दक्षिण ध्रुवाच्या परिसरात अलगद उतरले. त्या संध्याकाळी शाळाशाळांतून टाळ्या वाजल्या. पण त्या टाळ्यांतल्या काही १९७९ च्या त्या दिवसाच्या वाट्याला यावयास हव्यात.

येथे कोणी आक्षेप घेईल की, अपयशाचे असे कौतुक केले तर मुले बेफिकीर होतील. चुकणाऱ्याला शिक्षा नको काय? आक्षेप विचारात घेण्यासारखा आहे. उत्तर असे की, सगळ्या चुका एका मापाच्या नसतात. जे पूर्वी कोणी केलेले नाही ते करताना होणारी चूक वेगळी, आणि माहीत असूनही आळसाने केलेली हयगय वेगळी. दुसरीला क्षमा नसावी. परंतु यांतील कोणती चूक कोणती, हे ठरविण्यासाठी आधी चूक उजेडात तरी आली पाहिजे. आणि सर्वांत मोठी हयगय कोणती म्हणाल, तर चूक लपविणे.

आता माझ्या शिक्षक बंधुभगिनींशी दोन शब्द बोलतो. उपदेश करण्याचा अधिकार मला नाही, हे आधीच सांगतो. पुष्कळ वर्षांपूर्वी एका विज्ञान प्रदर्शनात माझ्या विद्यार्थ्यांनी पाण्याच्या दाबावर चालणारी यारी मांडली होती. इंजेक्शनच्या सिरिंजा आणि सलाइनची नळी यांपासून तयार केलेली. परीक्षक समोर आले, मुलाने दट्ट्या दाबला आणि नळीच्या तोंडाशी पाणी फसकन गळाले. यारी जागची हलली नाही. परीक्षकांनी माझ्याकडे पाहिले. मी म्हणालो, "मी सांगितलं होतं यांना नीट तपासायला. पोरांनी घाई केली."

घाई माझीच होती. आदल्या दिवशी मुले 'सर, अजून एकदा चालवून बघू का?' असे विचारीत होती आणि 'आता आवरा, उशीर झाला' असे मीच म्हटले होते. तो मुलगा काही बोलला नाही. खाली वाकून त्याने आपल्या रुमालाने पाणी पुसले. त्यानंतर त्याने वर्गात प्रश्न विचारणे सोडले, आणि त्या वर्षी प्रदर्शनासाठी त्याने पुन्हा नाव दिले नाही. झडप कोठे गळली होती ते मला त्या दिवशी कळले नाही. कळले तेव्हा तो मुलगा शाळा सोडून गेला होता.

म्हणून तीन सूचना कराव्याशा वाटतात. पहिली, प्रयोगवहीत 'न जुळलेले निरीक्षण' यासाठी एक पान राखून ठेवावे. उत्तर पुस्तकाशी जुळले नाही तर ते तसेच लिहावे, का जुळले नसावे याचा तर्क लिहावा, आणि या पानाला जुळलेल्या उत्तराइतकेच गुण असावेत. लोलकाचे ३८ सेकंद खोडले जाणार नाहीत, तेव्हाच 'एक' आणि 'शून्य' यांतला फरक मुलाला कळेल. दुसरी, प्रदर्शनात प्रयोग फसला तर परीक्षकांसमोर शिक्षकाने उभे राहावे आणि जमला तर विद्यार्थ्याने. तिसरी, दोष शोधण्याचे काम शाळेत परतल्यावर, दार लावून, पण कसून करावे. तेथे शिक्षकाची चूकही फळ्यावर लिहिली जावी.

आणि विद्यार्थी मित्रहो, तुमच्याकडेही एक मागणे आहे. ढाल धरणारा कोणी भेटेलच असे नाही. धवनांसारखी माणसे थोडी. तुमच्या गटातल्या सोबत्याच्या हातून परीक्षानळी फुटली, आकडा चुकला, तार उलटी जोडली गेली, तर 'सर, हा बघा!' असे म्हणण्याआधी क्षणभर थांबा. गटाचा प्रयोग फसला म्हणजे गटाचा फसला. प्रयोग जमला तर मात्र ज्याने तो जमविला त्याला पुढे करा. याला ना अनुदान लागते, ना वातबोगदा.

पुढच्या तासाला लोलक पुन्हा टांगला जाईल. घड्याळ सुरू करताना 'शून्य' म्हणा. तरीही उत्तर वेगळे आले, तर ते खोडू नका. सरांना 'किती यायला पाहिजे' असे न विचारता, 'आमचे इतके आले आहे, असे का?' असे विचारा.